फाटक नसलेली वाट

माझं बालपण डोंबिवलीत गेलं आणि आता बरीच वर्षं मी टोकियोच्या निशी-कासाई भागात राहते. दुभाषी म्हणून माझं बरंचसं काम रेल्वेच्या माणसांमध्ये असतं. भारतातून रूळ, ओव्हरहेड वायर, सिग्नल शिकायला येणारे इंजिनिअर आणि त्यांना शिकवणारे जपानी वस्ताद यांच्यामध्ये मी उभी असते. डेपो पाहिले, बोगद्यांच्या तोंडाशी उभी राहिले, संग्रहालयांतून फिरले. मराठीत शिनकान्सेनबद्दल, म्हणजे जपानच्या बुलेट ट्रेनबद्दल, जे वाचायला मिळतं ते बहुतेक वेगाबद्दल असतं. या कामात माझ्या पदरात जे पडलं ते मात्र वेगाच्या आधीचं आहे. तेच इथे मांडते.

१. रुळांची रुंदी एकदा ठरली की ती नातवंडांपर्यंत पुरते

जपानची पहिली रेल्वे १८७२ साली शिम्बाशी ते योकोहामा धावली, म्हणजे आपल्या बोरीबंदर-ठाणे गाडीनंतर १९ वर्षांनी. अंतर २९ किलोमीटर, वेळ ५३ मिनिटं. पैसा लंडनमध्ये काढलेल्या कर्जाचा, इंजिनं-डबे इंग्लंडचे आणि मुख्य अभियंता एडमंड मोरेलही इंग्रज. उद्घाटन पाहायला तो उरला नाही. आदल्याच वर्षी क्षयानं गेला. लष्करानं किनाऱ्यालगतची जमीन द्यायला नकार दिला, तेव्हा ताकानावापाशी समुद्रातच दगडी भराव घालून त्यावर रूळ टाकले. तो भराव २०१९ मध्ये खोदकामात पुन्हा सापडला.

त्या वेळी रुळांतलं अंतर ठरलं १०६७ मिलिमीटर. आपलं ब्रॉडगेज १६७६, युरोपातलं प्रमाण गेज १४३५. देश डोंगराळ, तिजोरी रिकामी, अरुंद रूळ स्वस्त पडतात, वळणंही लहान घेता येतात, हा हिशेब त्या क्षणी चुकीचा नव्हता. पण पुढची ९० वर्षं सगळा देश त्या हिशेबाला बांधला गेला.

सुटकेचा प्रयत्न झाला होता. रेल्वे खात्याचे प्रमुख गोतो शिम्पेई सगळं जाळं प्रमाण गेजवर न्यावं या मताचे होते. शिमा यासुजिरो या अभियंत्यानं १९१७ मध्ये योकोहामा मार्गावर प्रत्यक्ष प्रयोग करून हे बदल करता येतात हे दाखवून दिलं. पण १९१८ मध्ये हारा ताकाशी यांचं सरकार आलं आणि असलेले रूळ रुंद करण्यापेक्षा गावोगाव नवे रूळ नेण्याला प्राधान्य मिळालं. प्रत्येक आमदार-खासदाराला आपल्या मतदारसंघात स्टेशन हवं असतं. हे जपानला आणि आपल्याला सारखंच ठाऊक आहे. यासुजिरोंनी नोकरी सोडली. त्यांचा मुलगा हिदेओ तेव्हा शाळकरी वयाचा होता. त्याचं नाव पुढे येणार आहे.

२. अर्धवट सोडलेलं काम कुणाच्या तरी उपयोगी पडतं

१९३९ साली टोकियो ते शिमोनोसेकी असा प्रमाण गेजचा नवा मार्ग बांधायची योजना निघाली. तिला लोक ‘दांगान रेश्शा’, बंदुकीच्या गोळीची गाडी, म्हणत. त्या समितीवर पुन्हा यासुजिरोच होते. जमिनी घेतल्या गेल्या, शिन-तान्ना बोगदा खणायला सुरुवात झाली आणि १९४३ मध्ये महायुद्धानं सगळं थांबवलं. निहोनझाका बोगदा तेवढा १९४४ मध्ये पुरा झाला. १९४६ साली यासुजिरो वारले.

पुढे टोकियो-ओसाका मार्गावरची पहिली, तोकाइदो शिनकान्सेन साडेपाच वर्षांत उभी राहिली, याचं जगभर कौतुक होतं. पण त्या साडेपाच वर्षांच्या पोटात युद्धाआधीचे बोगदे आणि युद्धाआधी घेतलेल्या जमिनी आहेत. आमच्या पाहुण्या इंजिनिअरांना मी हे नेहमी सांगते, कारण आपल्याकडचं वेळापत्रक ‘जपाननं पाच वर्षांत केलं’ या वाक्यावरून आखलं जातं.

३. माणसं कुठून येतील ते सांगता येत नाही

युद्धानंतर जपानला विमानं बनवायला बंदी झाली. बेकार झालेले विमानांचे तज्ज्ञ रेल्वेच्या संशोधन संस्थेत आले. मिकी तादानाओ यांनी नौदलासाठी ‘गिंगा’ बॉम्बर आखलं होतं. त्यांनी गाडीचा आकार हाती घेतला. मात्सुदाइरा तादाशी यांनी झीरो विमानाचे पंख थरथरून का तुटतात याचा अभ्यास केला होता. त्यांनी चाकांच्या थरथरीचा प्रश्न घेतला. वेग वाढला की डबा डावी-उजवीकडे साप चालावा तसा हलू लागतो आणि रूळ सोडतो. तोवर रेल्वेवाले रुळांना दोष देत होते. मात्सुदाइरांनी दाखवलं की दोष बोगीतल्या स्प्रिंगांमध्ये आहे आणि तो गणितानं काढून टाकता येतो. सैन्यासाठी संदेशयंत्रणेवर काम केलेले कावानाबे हाजिमे सिग्नलकडे वळले.

या संस्थेनं ३० मे १९५७ रोजी गिन्झामधल्या यामाहा सभागृहात जाहीर व्याख्यान ठेवलं. विषय होता, टोकियो ते ओसाका तीन तासांत जाता येईल. तेव्हा सगळ्यात जलद गाडीला साडेसात तास लागत. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मिकींनी आखलेल्या ओदाक्यू कंपनीच्या गाडीनं जुन्या अरुंद रुळांवर ताशी १४५ किलोमीटर वेग गाठला. श्रोत्यांचा विश्वास बसायला तेवढं पुरेसं होतं.

मोटर कुठे बसवायची, हा एक निर्णय मला या सगळ्यात सर्वांत महत्त्वाचा वाटतो. युरोपात तेव्हा जलद गाडी म्हणजे पुढे जड इंजिन आणि मागे डबे. जपाननं ताकद प्रत्येक डब्याच्या चाकांना वाटून दिली. जपानची जमीन भुसभुशीत, पूल असंख्य; एकाच जागी इतकं वजन आलं तर पाया खचतो. शिवाय प्रत्येक आसाला मोटर असली की प्रत्येक आसाला विजेचा ब्रेकही मिळतो. पहिल्या ‘झीरो’ मालिकेत एकही आस मोटरीविना नव्हता. आपली मुंबईची लोकल याच कुळातली, १९२५ मध्ये व्हीटी ते कुर्ला धावली तेव्हापासून. शिनकान्सेन ही लोकल गाडीची लेक आहे असं मी आमच्या डोंबिवलीकरांना सांगते, आणि ते तांत्रिकदृष्ट्या खरं आहे.

४. वेग वजाबाकीतून येतो

१९५० च्या दशकात टोकियो-ओसाका मार्गाची लांबी राष्ट्रीय रेल्वेच्या जाळ्यात ३ टक्के होती आणि देशातल्या रेल्वे वाहतुकीचा जवळजवळ चौथा हिस्सा त्यावर होता. आणखी गाडी घुसवायला जागा उरली नव्हती. जुन्या रुळांशेजारी आणखी दोन अरुंद रूळ टाकावेत, हा सोपा उपाय बहुतेकांना पसंत होता. रेल्वेचे अध्यक्ष सोगो शिंजी यांना तो मान्य नव्हता. १९५५ मध्ये ७१ व्या वर्षी त्यांनी हे पद स्वीकारलं होतं. मुख्य अभियंता म्हणून त्यांनी शिमा हिदेओंना परत बोलावलं. साकुरागिचो स्टेशनात १९५१ साली लोकलला आग लागून शंभराहून अधिक माणसं गेली, त्यानंतर हिदेओंनी रेल्वे सोडली होती.

दोघांनी मिळून जो मार्ग आखला त्यात काय घातलं यापेक्षा काय काढून टाकलं ते पाहण्यासारखं आहे. फाटक एकही नाही; ५१५ किलोमीटरमध्ये रस्ता रुळांना कुठेच आडवा येत नाही. धीम्या लोकल नाहीत. मालगाड्या कागदावर होत्या, प्रत्यक्षात कधी धावल्या नाहीत. रुळांकाठी सिग्नलचे खांब नाहीत, कारण ताशी २१० किलोमीटर वेगात मोटरमनला खांबावरचा दिवा नीट दिसणार नाही. परवानगीचा वेग थेट त्याच्या समोर केबिनमध्ये उमटतो आणि तो ओलांडला तर ब्रेक आपोआप लागतात.

ही वजाबाकी किती गरजेची होती ते ३ मे १९६२ ला दिसलं. टोकियोच्या मिकावाशिमा स्टेशनाजवळ मालगाडीनं सिग्नल ओलांडला, ती घसरली, तिच्यावर लोकल आदळली आणि खाली उतरलेल्या प्रवाशांवर उलट बाजूनं दुसरी लोकल आली. १६० माणसं गेली. मालगाडी आणि लोकल एकाच वाटेवर, आणि भरवसा फक्त माणसाच्या नजरेवर. शिनकान्सेननं या दोन्ही गोष्टी मुळातच दूर ठेवल्या. त्यामुळेच १९६४ पासून आजवर गाडी घसरून किंवा आदळून शिनकान्सेनचा एकही प्रवासी दगावलेला नाही.

अडचणी तरीही आल्या. बोगद्यात शिरताना हवेच्या दाबानं प्रवाशांचे कान दुखू लागले, म्हणून डबे हवाबंद केले. सेकिगाहारात बर्फ पडतं. ते डब्याखाली चिकटून गोठायचं आणि पुढे उबदार भागात ढेकूळ सुटून खडी उडवायचं. तिथे आजही हिवाळ्यात रुळांवर पाणी फवारतात आणि गाड्या हळू नेतात.

५. ज्यांनी बांधलं ते फीत कापायला नव्हते

सोगोंनी संसदेपुढे खर्च सुमारे २०० अब्ज येन सांगितला. खरा आकडा कळला तर योजना मंजूर होणार नाही हे त्यांना माहीत होतं. शेवटी खर्च ३८० अब्जांवर गेला. त्यांनी जागतिक बँकेकडून ८ कोटी डॉलरचं कर्ज घेतलं ते फक्त पैशासाठी नव्हे. परदेशाला शब्द दिला की पुढच्या सरकारला काम थांबवता येणार नाही, हा त्यामागचा विचार होता. खर्च फुगल्यावर १९६३ मध्ये सोगोंना जावं लागलं. हिदेओही त्यांच्यासोबत बाहेर पडले. १ ऑक्टोबर १९६४ रोजी सकाळी सहाला टोकियो स्टेशनात पहिली ‘हिकारी’ सुटली, नऊ दिवसांनी ऑलिम्पिक सुरू होणार होतं, आणि त्या फलाटावर हे दोघेही नव्हते.

आकडा लपवणं मला मान्य नाही. लोकांच्या पैशाचा हिशेब लोकांना खरा मिळायला हवा, मग काम कितीही थोर असो. पण सोगोंनी किंमत स्वतःच्या पदानं मोजली, हेही मी विसरू शकत नाही.

६. रोज रात्री मेगाब्लॉक

डोंबिवलीत रविवार म्हणजे मेगाब्लॉक, रुळांच्या दुरुस्तीसाठी काही तास लोकल बंद. शिनकान्सेनवर मध्यरात्री बारा ते सकाळी सहा एकही प्रवासी गाडी धावत नाही, वर्षाचे सगळे दिवस. त्या वेळात माणसं रुळांवर उतरतात. वापरलेलं प्रत्येक अवजार काम संपल्यावर मोजून परत घेतात, आणि पहिली गाडी जाण्याआधी तपासणीचं वाहन सगळा मार्ग पाहून घेतं. मी एकदा पाहुण्यांसोबत तो मोजणीचा सोहळा पाहिला. एक पाना कमी भरला तेव्हा सगळे थांबले. तो सापडेपर्यंत कुणी घरी जायचं नाव काढलं नाही.

७. भूकंपानं दिलेला धडा पुढच्या भूकंपाआधी गिरवावा

१७ जानेवारी १९९५ ला पहाटे ५ वाजून ४६ मिनिटांनी कोबेत भूकंप झाला आणि सान्यो शिनकान्सेनचे उन्नत पूल कोसळले. पहिली गाडी सहा वाजता सुटायची होती. १४ मिनिटांचं अंतर. या वाचण्यात कुणाचंही श्रेय नव्हतं, आणि रेल्वेवाल्यांनी ते घेतलंही नाही. देशभर उन्नत मार्गांच्या खांबांना पोलादी आवरणं घालायचं काम सुरू झालं.

२३ ऑक्टोबर २००४ ला निइगाताजवळ ‘तोकी ३२५’ ताशी २०० किलोमीटरच्या आसपास जात असताना खालीच भूकंप झाला. दहापैकी आठ डबे रुळांवरून उतरले आणि गाडी दीड किलोमीटरहून अधिक घसरत गेली. आत दीडशेहून जास्त प्रवासी होते. कुणालाही इजा झाली नाही. त्या भागातले खांब आधीच मजबूत केलेले होते. मग नवा प्रश्न पुढे आला: गाडी घसरली तरी रुळांपासून लांब जाऊ नये. त्यासाठी बोगीला अडकण आणि रुळांना जास्तीचे आधार बसवायला घेतले.

११ मार्च २०११ ला दुपारी तोहोकूच्या किनाऱ्यावरच्या भूकंपमापकानं पहिली लाट पकडली आणि वीज तोडली. वीज गेली की शिनकान्सेनचे ब्रेक लागतात. मोठा हादरा जमिनीवर पोचेपर्यंत २७ प्रवासी गाड्यांचा वेग उतरू लागला होता. प्रवासी घेऊन धावणारी एकही गाडी घसरली नाही. ४९ दिवसांनी सगळा तोहोकू मार्ग पुन्हा सुरू झाला. त्या आठवड्यांत मी टोकियोत होते आणि पहिली गाडी सेंदाईला पोचल्याची बातमी पाहताना शेजारच्या आजी रडल्या होत्या.

८. वक्तशीरपणाला भीतीची जोड देऊ नये

जपानी मोटरमन सिग्नलकडे बोट दाखवतो आणि मोठ्यानं त्याचा रंग म्हणतो. एकटा असला तरी म्हणतो. रेल्वे संशोधन संस्थेच्या प्रयोगात असं बोट दाखवून बोलल्यानं चुका साधारण सहाव्या हिश्शावर आल्या. या सवयीबद्दल मला मनापासून आदर आहे.

पण जपानी रेल्वेचं गुणगान करणाऱ्यानं अमागासाकीला एकदा जावं. २५ एप्रिल २००५ ला फुकुचियामा मार्गावरच्या लोकलचा २३ वर्षांचा मोटरमन आधीच्या स्टेशनात फलाट ओलांडून पुढे गेला होता. गाडीला दीड मिनिटाच्या आसपास उशीर झाला होता. तो भरून काढायला त्यानं ताशी ७० च्या वळणावर गाडी ताशी ११६ किलोमीटर वेगानं घातली. डबे शेजारच्या इमारतीत घुसले. मोटरमनसह १०७ माणसं गेली. चौकशीत निघालं की चूक करणाऱ्या मोटरमनला कामावरून काढून ‘फेरशिक्षणा’ला बसवत, तिथे दिवसचे दिवस माफीपत्रं लिहायची, वरिष्ठांची बोलणी खायची. त्या वळणावर वेग आपोआप कमी करणारी नवी यंत्रणा अजून बसलेली नव्हती.

शिनकान्सेनवर यंत्र माणसाची चूक सांभाळून घेतं. इथे यंत्र नव्हतं आणि चुकीची शिक्षा मात्र होती. त्या जागी आता स्मृतिवन आहे, इमारतीचा खालचा भाग तसाच ठेवलाय. आमच्या गटातल्या तरुण इंजिनिअरांना मी तिथे नेण्याचा आग्रह धरते. एक-दोन तास जातात, कार्यक्रम बदलावा लागतो, तरीही.

९. रुळांकाठच्या माणसालाही झोप हवी असते

नागोयात शिनकान्सेन दाट वस्तीतून जाते. कंपनांनी आणि आवाजानं त्रासलेल्या रहिवाशांनी १९७४ मध्ये खटला भरला. तो १९८६ मध्ये तडजोडीनं मिटला. १९७५ साली सरकारनं निवासी भागासाठी ७० डेसिबलची मर्यादा घातली. तेव्हापासून जपानमध्ये वेगाची खरी लढाई आवाजाशी आहे. गाड्यांची नाकं लांबली ती याच कारणानं: गाडी बोगद्यात घुसली की पलीकडच्या तोंडाशी स्फोटासारखा आवाज होतो. पक्षिनिरीक्षणाचा छंद असलेल्या नाकात्सु एइजी या अभियंत्याच्या गटानं ५०० मालिकेला खंड्याच्या चोचीसारखं नाक दिलं, आणि १९९७ मध्ये ती गाडी ताशी ३०० किलोमीटरनं धावू लागली.

१०. नवी गाडी येते तेव्हा जुनं स्टेशन विचारायला हवं

उसुई घाटात १८९३ पासून रेल्वे होती. हजारी ६६.७ चा चढ, योकोकावा स्टेशनात गाडीला जादा इंजिनं जोडायची, आणि ती जोडेपर्यंत प्रवासी खाली उतरून मातीच्या भांड्यातला ‘कामामेशी’ भात घ्यायचे. कर्जतला बँकर इंजिन लागेपर्यंत बटाटेवडा घ्यावा, अगदी तसं. १९९७ मध्ये नागानो शिनकान्सेन आली आणि योकोकावा ते कारुईझावा हा घाटातला मार्ग बंद झाला. आता तिथे बस जाते. भाताचं दुकान टिकून आहे. गाडी मात्र नाही.

हे एकट्या घाटाचं दुःख नाही. राष्ट्रीय रेल्वे १९६४ मध्येच, म्हणजे शिनकान्सेनच्याच वर्षी, तोट्यात गेली आणि १९८७ मध्ये ३७ लाख कोटी येनचं कर्ज मागे ठेवून तिचे तुकडे झाले. टोकियो-ओसाका मार्ग ज्या कंपनीकडे गेला ती श्रीमंत झाली. होक्काइदोच्या कंपनीच्या वाट्याला बर्फ, विरळ वस्ती आणि लांबच लांब रूळ आले. २०१६ च्या मार्चमध्ये तिथे शिनकान्सेन पोचली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये या कंपनीनं जाहीर केलं की निम्मे मार्ग तिला एकटीच्या बळावर चालवता येणार नाहीत. चकचकीत गाडी आणि गवत माजलेले रूळ एकाच राज्यात, एकाच वर्षी. ज्या गावातली मुलं त्या जुन्या गाडीनं शाळेत जात, त्या गावाला वेगाचा काय उपयोग, याचं उत्तर मला अजून कुणी दिलेलं नाही.

११. आपल्यासाठी

मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेन मार्गाची लांबी ५०८ किलोमीटर, म्हणजे जवळजवळ टोकियो-ओसाकाइतकीच. तंत्रज्ञान शिनकान्सेनचं. तो मार्ग चांगला व्हावा असं मला वाटतं. त्यासाठी राबणाऱ्या कित्येक इंजिनिअरांचे शब्द माझ्या तोंडून जपानीत गेले आहेत. पण सोगो आणि शिमांनी नवा मार्ग बांधला तो जुन्या मार्गावर गर्दीनं श्वास कोंडला होता म्हणून. त्यांनी लांबच्या गाड्या वेगळ्या काढल्या, आणि उरलेल्या वाटेवर लोकल आणि मालगाड्यांना जागा झाली. मध्य रेल्वेवर याला सर्वांत जवळचं काम बुलेट ट्रेन नव्हे, ठाणे-दिवा पाचवी आणि सहावी मार्गिका आहे. ती २०२२ च्या फेब्रुवारीत सुरू झाली. मुंबईच्या लोकल मार्गांवर दरवर्षी दोन हजारांहून अधिक माणसं जीव गमावतात. कुणी रूळ ओलांडताना, कुणी दारातून पडून. लांबच्या गाड्या आणि लोकल यांच्या वाटा सीएसएमटीपर्यंत वेगळ्या करणं आणि रुळांना आडव्या येणाऱ्या सगळ्या पायवाटा पूल बांधून बंद करणं, हे शिनकान्सेनचं पहिलं कलम आहे. कुर्ल्यापासून पुढची पाचवी-सहावी मार्गिका आधी पुरी करा, अशी मागणी डोंबिवली-कल्याणच्या प्रत्येक प्रवाशानं निवडणुकीला येणाऱ्या प्रत्येक उमेदवारापुढे ठेवावी.